पिस्तुलावर न बसणारा ठिपका

बेव्हर्ली पार्क, मिरा रोड
भाद्रपद वद्य दशमी, शुक्रवार

तीर्थरूप दाजी यांस,

दशरथाचा साष्टांग नमस्कार. (साष्टांग हा फक्त लिहिण्यापुरता. गुडघे अजून वाकतात, परंतु पुन्हा सरळ होण्याबाबत त्यांचं स्वतंत्र मत असतं.) मनोरमाताईची साखर आणि आपला खोकला यांत सध्या कोण पुढे आहे ते कळवावं. आपण सत्तरीत विहिरीवरच्या पंपाचा पट्टा स्वतः बदलता, हे ताई मला फोनवर अभिमानाने सांगते आणि त्याच श्वासात विचारते, "तू काय करतोस रे हल्ली?" त्याचं उत्तर फोनवर देण्यासारखं नव्हतं. दाजी, मी हल्ली पिस्तूल चालवतो.

ताईला हे वाक्य मोठ्याने वाचून दाखवू नये. दाखवलंत तर पुढचंही लगेच दाखवावं: पिस्तूल हवेचं आहे, छऱ्याचं. दहा मीटरवरच्या पुठ्ठ्याला भोक पाडणं एवढीच त्याची महत्त्वाकांक्षा, आणि माझ्या हातात असताना तीही बहुधा अपुरी राहते. झालं असं की, आमची संचिता गेल्या वर्षापासून भाईंदर पश्चिमेला, मोरवा गावाच्या अलीकडे एका शेडमध्ये चालणाऱ्या नेमबाजीच्या क्लबात जाते. मी तिला स्कूटरवरून सोडायचो आणि बाहेरच्या बाकावर बसून नववीच्या संस्कृतच्या वह्या तपासायचो. एके दिवशी तिथल्या प्रशिक्षक मिनल मॅडमना माझी दया आली (की माझ्या पुटपुटण्याचा त्रास झाला, नक्की सांगता येत नाही) आणि त्यांनी मला आत बोलावून हातात पिस्तूल दिलं. पहिलाच छरा बरोबर काळ्या वर्तुळात गेला. माणसाचा नाश असाच होतो. पहिलाच छरा बाहेर गेला असता तर मी आज सुखाने विसर्ग तपासत बसलो असतो.

आता खरी गोष्ट सांगतो, कारण त्याशिवाय माझी तगमग आपल्याला कळायची नाही. संचिता सोळा वर्षांची आहे. घरात ती माझ्याशी बोलते ते "चार्जर कुठेय" आणि "काही नाही" या दोन वाक्यांत. (दुसरं वाक्य कोणत्याही प्रश्नाचं उत्तर होऊ शकतं. एवढं लवचिक वाक्य मी भाषा शिकवण्याच्या सव्वीस वर्षांत पाहिलं नव्हतं.) पण त्या शेडमध्ये ती माझ्या मागे उभी राहते आणि बोलते. "बाबा, खांदा खाली घे. श्वास सोड आधी. घाई कसली आहे तुला?" तासभर बोलते. क्लबात दसऱ्याच्या सुमाराला पालक आणि पाल्य अशा जोड्यांची स्पर्धा असते. मी न विचारता तिने फॉर्मवर माझं नाव घातलं. सुलूने (आपल्या मेव्हण्याची बायको असल्यामुळे ती अशा बाबतींत स्पष्ट बोलते) विचारलं की, यांना घेऊन हरायचं आहे का? त्यावर संचिता म्हणाली, "काही नाही." मी त्याचा अर्थ मला सोयीचा तो लावला. स्पर्धा पुढच्या रविवारी आहे.

अडचण डोळ्यांची. पिस्तुलाच्या मागच्या टोकाला एक खाच, पुढच्या टोकाला एक खुंटी आणि लांब तो पुठ्ठा, या तिन्हींवर एकाच वेळी नजर ठेवायची असते. त्रेपन्नाव्या वर्षी माझे डोळे तिघांपैकी एकालाच भेट देतात, आणि तेही आधी कळवून. जुन्या काळच्या धनुर्धरांविषयी मी पुष्कळ शिकवलं आहे, पण त्यांच्यापैकी कोणाला चाळिशी लागल्याचा उल्लेख मला कुठे सापडला नाही. मिनल मॅडमनी उपाय सांगितला: रेड डॉट. म्हणजे पिस्तुलाच्या पाठीवर बसवायची काचेची छोटीशी खिडकी. तिच्यातून पाहिलं की एक लाल ठिपका दिसतो. ठिपका जिथे, छरा तिथे. मोठ्या स्पर्धांत तो चालत नाही, पण आमच्या जोड्यांच्या स्पर्धेत पालकांना मुभा आहे. हे ऐकून मला वाटलं, प्रश्न सुटला. तो तिथे सुरू झाला.

भाईंदर पश्चिमेला दुर्बिणी आणि कॅमेऱ्याचं सामान विकणारे दिपेशभाई आहेत. त्यांना मी पिस्तुलाचं नाव सांगितलं आणि विचारलं की, हा यावर बसेल ना? ते म्हणाले, "सर, युनिव्हर्सल है. सबको बैठता है." दाजी, हा शब्द आपण एसटीच्या वर्कशॉपात कधी ना कधी ऐकला असेलच. त्याचा अर्थ असा की, ती वस्तू जगातल्या सर्वांना बसते, फक्त समोर उभ्या असलेल्या गिऱ्हाइकाला सोडून. क्लबात जाऊन पाहतो तो पिस्तुलाच्या पाठीवरची पट्टी बोटाएवढी अरुंद आणि ठिपक्याचा पाय दोन बोटांएवढा रुंद. मोठ्या माणसाचा बूट पोराच्या पायात घालावा तसा तो डुगडुगायला लागला. दिपेशभाईंनी शांतपणे सांगितलं की, दोहोंच्या मध्ये बसेल अशी जोडपट्टी वर्कशॉपातून बनवून घ्या, फक्त माप बरोबर न्या.

माप. क्लबचं पिस्तूल क्लबबाहेर न्यायला बंदी आहे, आणि ते योग्यच आहे. शाळेतल्या कंपासपेटीतली पट्टी लावून पाहिली, तर मला एकदा अकरा मिलिमीटर दिसले आणि एकदा तेरा. (रेषा फार जवळजवळ छापतात हल्ली.) तेव्हा मी एक युक्ती केली, जी मला फार बुद्धिमान वाटली. श्रावणातली संकष्टी होती आणि सुलूने मोदकांची उकड काढली होती. मी तिच्यातला एक गोळा डब्यात घालून क्लबात नेला, तेलाचा हात फिरवला आणि पिस्तुलाची पाठ त्यात दाबली. दाजी, असा सुरेख ठसा उमटला! अगदी खोबणीच्या कडांसकट. परंतु मऊ ठसा वर्कशॉपपर्यंत टिकणार कसा? म्हणून मी घरी येऊन तो मोदकपात्रात ठेवला आणि वाफवून घट्ट केला.

मोदक वाफवला की फुगतो, ही गोष्ट मी आयुष्यभर खात आलो आहे. पण ठसाही फुगेल हे डोक्यात आलं नाही. वर्कशॉपवाल्याने त्या उकडीवरून इमानदारीने पितळेची पट्टी कापली, पण तिची खोबण फुगून अरुंद झालेल्या ठशाच्या मापाची, म्हणजे पिस्तुलाच्या पाठीवर ती चढेचना. सुलूला हे कळलं ते मोदकपात्रात कळीदार मोदकांच्या मधोमध एक चौकोनी, खाचा पाडलेला प्रकार दिसला तेव्हा. ती एकच वाक्य बोलली: "बाप्पाचा नैवेद्य व्हायचाय अजून, आणि तुम्ही त्यात बंदूक घातलीत?" 

मला सोडवलं ते रॉकने. रॉक भाईंदरकडच्या डोंगरी गावचा. बोटींची इंजिनं दुरुस्त करतो आणि त्याची मुलगी ब्रिटनी संचिताच्याच बॅचला आहे, म्हणजे स्पर्धेत ही बापलेक आमचे प्रतिस्पर्धी. मी उकडीची कहाणी सांगितल्यावर तो हसला नाही. (हसला असता तर बरं झालं असतं. त्याने माझ्याकडे डॉक्टर पाहतात तसं पाहिलं.) मग खिशातून जाड कागद काढला, पिस्तुलाच्या पाठीवर ठेवून ग्रीसने काळ्या झालेल्या बोटाने नुसता चोळला, आणि कडा जशाच्या तशा कागदावर उतरल्या. इंजिनाच्या झाकणाखालचा कागदी गॅस्केट ते असाच कापतात म्हणे. अर्ध्या तासात दुसरी पट्टी झाली, ती पिस्तुलावर सरकली, तिच्यावर ठिपका बसला, दोन स्क्रू आवळले, आणि गेल्या महिन्याभरात पहिल्यांदाच मी शांत झालो. ही शांतता मी डोळा लावीपर्यंत टिकली.

ठिपका गोल नव्हता. भुईनळा पेटावा तसा तो वर फुलला होता आणि उजवीकडे त्याला शेपूट होतं. त्या शेपटाचं नेमकं कोणतं टोक पुठ्ठ्यावर धरायचं हे ठरवता ठरवता छरा सुटून जायचा. मी तडक दिपेशभाईंकडे गेलो. त्यांनी बदलून दिला. त्यालाही शेपूट. पुन्हा बदलून दिला. तिसऱ्यालाही. तिसऱ्यांदा परत गेलो तेव्हा त्यांनी माझ्यासाठी चहा मागवला आणि हळू आवाजात म्हणाले, "सर, तीनों पीस में सेम प्रॉब्लेम? फिर पीस का नहीं है." माझं मत असं पडलं की, दोष पट्टीचा. आमच्या पिस्तुलाला छरा सुटताना आधी मागे आणि मग पुढे असा दुहेरी झटका बसतो, त्याने पितळेची पट्टी केसभर सरकते आणि ठिपका विस्कटतो. (पिस्तूल टेबलावर पडलेलं असतानाही ठिपका विस्कटलेलाच दिसतो, हा आक्षेप मिनल मॅडमनी घेतला. मी त्यावर विचार करतो म्हणालो.)

परवा रॉकने माझ्याच फोनने त्या खिडकीतून फोटो काढला आणि माझ्यापुढे धरला. फोटो बोटांनी मोठा करून, डाव्या डोळ्याने पाहिला. ठिपका गोल होता, डाळिंबाच्या दाण्यासारखा.

"मास्तर, मशीनला काय न्हाय झाला," रॉक म्हणाला. "डोला दाखवा कोनाला तरी."

मी त्याला, हे कोणापाशी बोलू नकोस अशी शपथ घातली आणि विषय पट्टीवर आणला. तेव्हा या पत्राचं प्रयोजन असं: सोबत मी पट्टीचा नकाशा जोडला आहे. आपण चाळीस वर्षं फिटर होता, आपला हात पितळेच्या नादी लागणारा नाही. पोलादाची एक पट्टी, मागे सरकू नये म्हणून खाली एक पिन असलेली, पुढच्या रविवारच्या आत मिळाली तर मी आणि संचिता ऋणी राहू. मला दुसरं काही सुचत नाही. वर्गात मागे उभं राहून शिकवताना हात आपोआप पुढे होतो आणि मी फळ्यावरच्या अनुस्वारावर नेम धरतो. मुलं मागे वळून पाहतात.

ताईला नमस्कार, आणि आपल्या पंपाच्या पट्ट्याला दीर्घायुष्य.

आपला,
दशरथ

ता. क. (शनिवार) पट्टी करू नये. नकाशा फाडून टाकावा. त्यावरचे आकडे मी पाहून लिहिले आहेत, म्हणजे ते खरे असतीलच असं नाही. शिवाय संचिता आत्ताच क्लबातून आली आणि म्हणाली की स्पर्धा दिवाळीनंतर ढकलली आहे. मी फार वाईट वाटल्यासारखं केलं.

ता. ता. क. वाईट वाटल्यासारखं का केलं, ते लिहितो. काल पत्र संपवून मी डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेलो. उजव्या डोळ्यात मोतीबिंदू आहे, आणि तो माझ्यापेक्षा जास्त परिपक्व आहे. डॉक्टर नेहा ही माझी जुनी विद्यार्थिनी निघाली. आठवीत तिला मी संस्कृतात पस्तीस गुण दिले होते. तिने तो विषय काढला नाही, त्यामुळे मला अधिकच भीती वाटली. पितृपक्षात शुभकार्य नको असं मी सुचवून पाहिलं. ती म्हणाली, सर, हे शुभकार्य नाही, ऑपरेशन आहे. तरी बुधवारची सर्वपित्री टाळून गुरुवार दिला. सुलूला सांगितलेलं नाही, कारण ती नवस बोलेल. संचिताला सांगितलेलं नाही, कारण तिने जोडीला आपला बाप निवडला आहे आणि त्यावर ती अजून ठाम आहे. तीन वर्षांपूर्वी आपल्या डोळ्याचं झालं, तेव्हा मी फोनवर मोठ्या दिमाखात म्हणालो होतो की, हल्ली चहा गार व्हायच्या आत होतं सगळं. आपण त्यावर काहीच बोलला नव्हता. दाजी, त्या न बोलण्यात काय होतं, ते खरं खरं सांगावं. आणि सांगायला बुधवारीच आलात तर फार बरं होईल. सुलूला म्हणावं, सहज आलो.

आतोबा, मी संचिता. बाबाने पाकीट चिकटवून स्पीडपोस्ट करायला दिलं, मी आधी वाचलं. सॉरी. रॉक अंकलनी मला डोळ्याचं फोटो काढला त्याच संध्याकाळी सांगितलं होतं. आईलाही माहीत आहे, तिचा नवस बोलून झालाय. मॅच पुढे गेलेली नाही, पुढच्या रविवारीच आहे. मी मिनल मॅडमना सांगून आमची जोडी दिवाळीनंतरच्या फेरीत टाकली. तोपर्यंत डोळा नीट होईल, मी आज डॉक्टर नेहांना विचारून आले. तुम्ही बुधवारी नक्की या आणि सहज आल्यासारखेच या. आम्हाला कळलंय हे त्याला गुरुवारपर्यंत कळू देऊ नका, नाहीतर तो आम्हालाच धीर देत बसेल.