साबणावरचा ठसा

मंगळवार, १२ मार्च

ती. दादा,

नमस्कार. वहिनीचा गुडघा कसा आहे? तिला जिने चढू देऊ नकोस. ती ऐकणार नाही, हेही माहीत आहे. माझं बरं चाललंय असं लिहिणार होते, पण तुझ्या पोलीस ठाण्याचा हवालदार अकरा दिवस माझ्या दुकानाच्या पायरीवर बसून आहे. तेव्हा माझं कसं चाललंय ते तुला माझ्याआधी कळत असणार.

माणूस वाईट नाही. माझी पाण्याची बाटलीसुद्धा भरून आणतो. पण गिऱ्हाईक आलं की विचारतो, कुठली किल्ली, कुणाच्या घराची? तेवढ्यावर गिऱ्हाईक पाठ फिरवतं. काल एक शिक्षिका शाळेच्या कपाटाची किल्ली करून घ्यायला आली होती, तीही गेली. मी आपली किल्ल्या घासायची कानस हातात धरून माश्या मारते.

शेवटी वकीलबाईंकडे गेले. त्या म्हणाल्या, पोलिसांना संशय असेल तर त्यांनी लेखी हुकूम आणावा, झडती घ्यावी, हवं ते विचारावं. पण परवाना असलेलं दुकान तोंडी हुकमावर बंद पाडता येत नाही, आणि दारात माणूस बसवून तर नाहीच. मी हवालदाराकडे कागद मागितला. तो खाली बघत म्हणाला, "ताई, कागद नाही. साहेबांनी तोंडीच सांगितलंय."

ते साहेब तू आहेस.

वकीलबाईंनी विचारलं, तुमच्याच दुकानावर का? मी म्हटलं, ठाऊक नाही. पण मला ठाऊक आहे.

बाबांचा नियम तुलाही पाठ आहे: मूळ किल्ली हातात असल्याशिवाय दुसरी करायची नाही, मग समोर राजा उभा असो. मी तो एकदाच मोडला. तीन महिन्यांपूर्वी तू साबणाची वडी घेऊन आलास, वर किल्लीचा ठसा. सरकारी काम आहे, विचारू नकोस म्हणालास. मी विचारलं नाही. मग पेपरात वाचलं, एका गोदामवाल्याच्या घरात तुझ्या ठाण्याचे पोलीस हुकमाशिवाय शिरले, आणि कुलूप तुटलं नव्हतं. आता त्याने तक्रार केली आहे. किल्ली कुणी केली, हे शोधत लोक माझ्यापर्यंत येण्याआधी मी दुकान आवरून निघून जावं, एवढंच तुला हवं आहे.

दादा, मला फार भीती वाटते. तू मला नुसतं सांगितलं असतंस तर मी गप्प बसले असते. हे लिहितानाही लाज वाटते.

ती वडी मी टाकलेली नाही. वाळून तडकली आहे, पण ठसा शाबूत आहे. दुकानासाठी वकीलबाईंनी कोर्टात अर्ज केला आहे; गुरुवारी अकराला सुनावणीत मला 'तुमच्याच दुकानावर का?' असं विचारतील, तेव्हा मी ती समोर ठेवणार आहे. माझी चूकही सांगणार आहे. परवाना गेला तर जाऊ दे.

उद्याचा दिवस तुझा आहे. तू आपणहून सांगायला गेलास तर मी तुझ्याबरोबर येईन.

पत्र हवालदाराच्याच हाती देते आहे. दुकानात दुसरं कुणी येतच नाही.

जिला कानस धरायला तू शिकवलंस, ती
धाकटी