थांबलेल्या नकाशावरचा ठिपका

१८ नोव्हेंबर, सोमवार

बेळगावात आले आणि पहिल्याच दिवशी खासबाग आवडून गेलं. शालूबाईंच्या माडीवर खोली मिळाली, ऑफिस दोन गल्ल्या सोडून. दिवसभर आजूबाजूला यंत्रमागांचा खडखडाट. शालूबाई म्हणाल्या, चार दिवसांनी त्याच्याशिवाय करमायचं नाही. आई निपाणीत तंबाखूच्या वखारीत राबली, आणि आता लेक पंख्याखाली बसून कॉम्प्युटर बडवणार, म्हणून तिनं सकाळी स्टँडवर निम्म्या बसला पेढे वाटले. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं, आणि बरंही वाटलं.

आमची कंपनी साखर कारखान्यांसाठी प्रोग्रॅम लिहिते. ऊस ओढणाऱ्या प्रत्येक ट्रॅक्टरवर एक डबी असते, ती ट्रॅक्टर कुठं आहे ते कळवत राहते. माझा धाकटा भाऊ अमरदीप यंदा बोरगावकडचा ऊस ओढतोय, म्हणजे तोही आमच्याच यादीत आला. 'वाटंत हाय' सांगून धाब्यावर चहा पीत बसणं आता बंद, असं त्याला फोनवर बजावलं. लई हसला.

२१ नोव्हेंबर, गुरुवार

मला ओमकार नावाच्या मुलाचा जुना लॅपटॉप मिळालाय. हा ओमकार खानापूरकडच्या नंदगडचा. गेल्या हंगामात अर्ध्यावर नोकरी सोडून गावी गेला. पण काम काय सुरेख! प्रोग्रॅममधली चूक शोधायची तर तो मधेच थांबवायचा आणि त्याच्या पोटात डोकवायचं, ही आमची रीत. पोटात नुसते आकडे. ओमकारनं एक लायब्ररी फाइल लिहून ठेवलीय. ती जोडली की थांबलेल्या क्षणाचे आकडे नकाशा होऊन समोर येतात. एक ट्रॅक्टर, एक हिरवा ठिपका. समोर बसणारी तेजस्वी म्हणते, तिला आकडेच बरे. त्यामुळे ती फाइल फक्त माझ्याकडं आहे.

एक करडा ठिपका मात्र जास्तीचा दिसतो, खानापूरच्या रानात, जिथं ऊसच नाही. त्याला नंबर नाही. आकड्यांत शोधलं तर तिथं तो नाहीच. ओमकारची चूक असणार. दुसऱ्याच्या डोळ्यातलं कुसळ मला पटकन दिसतं.

२६ नोव्हेंबर, मंगळवार

प्रोग्रॅम थांबवून ठेवला आणि डबा खायला गेले. परत आले तर हिरवे ठिपके जागच्या जागी होते. करडा सरकला होता. चिकोडीच्या रस्त्यावर एका ट्रॅक्टरला जाऊन चिकटला होता.

थांबवलेल्या प्रोग्रॅममध्ये काही हलत नाही. हलूच शकत नाही. तेजस्वीला दाखवलं, ती म्हणाली, सुविधा, जेवताना कुणीतरी बटण दाबलं असेल.

संध्याकाळी कारखान्यातून फोन आला. तोच ट्रॅक्टर कालव्यात उलटला. कृष्णात नावाचा ड्रायव्हर होता. जागेवरच गेला.

२९ नोव्हेंबर, शुक्रवार

न राहवून ओमकारला फोन केला. मी काही विचारायच्या आधीच तो म्हणाला, "थांबवून बघितलासा व्हय? थांबवू नगासा. परोग्राम चालू असला की त्ये जाग्यावर बसतंय. थांबला की चालाय लागतंय." ती फाइल त्यानं दोनदा काढून टाकली होती म्हणे. दोन्ही वेळा सकाळी परत जागेवर. एवढं बोलून त्यानंच फोन ठेवला.

मी शिकलेली बाई आहे. कृष्णातचं जे झालं तो अपघात होता. असं दिवसभर स्वतःला सांगतेय.

२ डिसेंबर, सोमवार

चूक पकडायची तर पसारा कमी करत जायचं, हे आम्हाला पहिल्या वर्षी शिकवतात. म्हणून आज यादीतले सगळे ट्रॅक्टर काढले. एकच ठेवला. तोंडपाठ नंबर एकच होता, तोच बोटांनी टाइप केला. अमरदीपचा.

थांबवलं. बघत बसले.

करडा ठिपका लगेच निघाला. इकडं तिकडं नाही. दुसरं कुणी उरलंच नव्हतं ना त्याला जायला.

घाबरून लॅपटॉपच बंद केला आणि ऑफिसातच ठेवून आले. खोलीवर आल्यावर डोक्यात आलं, बंद करणं म्हणजेही थांबवणंच. पळत ऑफिसला गेले. कुलूप. किल्लीवाल्याचा फोन लागेना. काय केलं मी हे.

३ डिसेंबर, मंगळवार, सकाळ

ठिपका निपाणीच्या पुढं गेलाय. बोरगावच्या वाटेवर. प्रोग्रॅम सुरू केला तेव्हा थांबला. आता सुरूच ठेवायचा. जागची उठणार नाही.

दुपार

प्रोग्रॅम आपोआप थांबला. मी हात लावला नव्हता. पुढं चालवायचं बटण दाबतेय, दाबतेय —

सगळे ट्रॅक्टर परत घालते म्हटलं. घेत नाही. एकाच नंबराची जागा —

अमरदीपला फोन केला. ट्रॅक्टर सोड, पळ म्हटलं. तो कारखान्याच्या रांगेत उभा. हसला. मग हळू आवाजात म्हणाला, "आक्का, टरालीमागं कोन तर हुबं हाय गं. मगापासनं."

थांबलेल्या प्रोग्रॅममधला आकडा हातानं बदलता येतो. एकच. अमरदीपच्या नंबराजागी दुसऱ्या कुणाचा घालू? कृष्णातलाही एखादी बहीण असेल.

माझा फोनही त्या डबीसारखी जागा कळवतो, त्याचाच नंबर घातला.

ठिपका वळला.

अमरदीपचा फोन. मागं कुणी नाही म्हणतोय. चहा प्यायला चाललाय. जा म्हटलं, पी. आईला फोन करत जा म्हटलं. रडू आलेलं त्याला कळू दिलं नाही.

संकेश्वर. इतक्यात —

काकती. बेळगावाच्या वेशीवर.

फोन खिडकीतून टाकू? तो कुणाच्या तरी हातात पडेल. नको. इथंच —

खासबाग. आमची गल्ली. बाहेर लख्ख ऊन आहे. माग चालू आहेत.

मला भीती वाटतेय. खूप.

करडा आणि माझा, दोन्ही ठिपके एकावर एक.

तेजस्वीनं मान वर केली. माझ्याकडं नाही, माझ्या मागं बघतेय. उठून उभी राहिली. ती म्हणतेय, सुविधा, मागं —