वाटेत न थांबणारी

६ जानेवारी १९०२
पोचले एकदाची! गाडीवाल्याने फाटकाशी उतरवलं तेव्हा माझ्या एका हातात ट्रंक होती आणि दुसऱ्या हातात जिवंत कोंबडा. आमची बेटं बळकावणाऱ्या अमेरिकन फौजेतल्या एका कप्तानाची स्वैपाकीण म्हणून आले खरी, पण खरं म्हणजे आले ती मकारिओसाठी. माझा धाकटा भाऊ डोंगरात लढतोय आणि हा कप्तान त्याच्याच टोळीचा माग काढतोय. टोळीचा तळ कुठे आहे ते मला ठाऊक आहे. कप्तानाला कळलं तर मकारिओ फासावर जाईल. तेव्हा याच्या जेवणाच्या टेबलाशी आपले दोन कान असलेले बरे. घर मात्र झकास आहे. खिडक्यांना शिंपल्यांची तावदानं आणि जमिनीला घासून लख्ख केलेल्या फळ्या. धुणं धुणारी बासिलिया तोंडाने फटकळ. माझं नाव विचारून म्हणाली, नेला पोरी, स्वैपाकात फार जीव ओतू नकोस गं, त्याला उकडलेला बटाटा दिलास तरी तो चाटूनपुसून खाईल. बाबा शाळामास्तर होते, म्हणून रोज चार ओळी लिहायची मला खोड आहे. वही तांदळाच्या रांजणात लपवलीय.

९ जानेवारी
खालच्या कोठीत काय चालतं ते कळलं. माणसाला आडवं पाडतात, तोंडात नळी घालतात आणि पोट तट्ट फुगेतो पाणी ओततात. टोळी कुठे आहे, एवढा एकच प्रश्न. बासिलियाचा दीर पांतालेओन सुतार काल काही न बोलता तिथेच मेला. आज दुपारी त्याच्या प्रेतापाशी बसून आले. संध्याकाळचा बिगुल वाजायच्या आत घरात हवं असा हुकूम आहे, म्हणून धावत आले. जिना चढल्यावर आठवलं. मेलेल्याच्या घरून निघालं की वाटेत कुणाच्या तरी दारी घटकाभर टेकायचं असतं, नाहीतर तो मागोमाग आपल्या घरी येतो. आमच्यातल्या शेंबड्या पोरालाही हे माहीत असतं. आणि मी विसरले.

१० जानेवारी
भर दुपारी, सगळे झोपलेले असताना, फळ्यांवर ओली पावलं दिसली. अनवाणी, डाव्या पायाला करंगळी नाही. जिन्यापासून थेट कप्तानाच्या पलंगापर्यंत. पुसली तर पुन्हा उमटली. विहिरीवर बासिलियाला सांगितलं. ती आधी रडली, मग डोळे पुसून म्हणाली, त्याची करंगळी लाकूड तासताना गेली होती. मेला तरी कामावर हजर बघ, आमचा पांतालेओन! थोड्या वेळाने माझं मनगट धरून म्हणाली, यापुढेही वाटेत थांबू नकोस.

१७ जानेवारी
आठवड्यात कोठीत आणखी चौघे मेले. चौघांच्याही घरी गेले आणि चारही वेळा सरळ इथे आले. वाटेत ओळखीच्या बायका सुपारी खायला बोलावत होत्या, मी मान वर केली नाही. आता त्यांनाही कळलंय. आज एका विधवेने दारातून सांगितलं, आमच्याकडे ये पोरी, आणि कुठे रेंगाळू नकोस. कप्तानाची गादी रोज दुपारी चिंब होते. जेवताना तो पाण्याच्या पेल्याला हात लावत नाही. मला भीती वाटते, पण त्याचा उतरलेला चेहरा बघून बरंही वाटतं. का वाटू नये?

२१ जानेवारी
कोठीत कप्तानाचे प्रश्न आमच्या भाषेत विचारणारा दुभाषा स्वैपाकघरात आला. तो आपल्यातलाच, मनिलाचा, म्हणून त्याला सगळं उमगलं. हात जोडून म्हणाला, बाई, पाया पडतो, वाटेत जरा थांबत जा, मीही याच घरात झोपतो. मी विचारलं, खाली माणूस गुदमरतो तेव्हा तुम्ही प्रश्न विचारायचे थांबता का? तो पाठ फिरवून निघून गेला.

२३ जानेवारी
आता ते मेलेले स्वैपाकघरातही उभे असतात. चुलीमागे. घशात गुळगुळ आवाज. मी पानं मांडली, भात वाढला. कुणी खात नाही. मला ओळखतात की नाही – कोण जाणे.

२५ जानेवारी
दुभाष्याने गावात चौकशी करून कप्तानाला सांगून टाकलं, ही मकारिओची बहीण. मला घरातून घालवायचा त्याला हाच उपाय सुचला. बासिलिया म्हणते मागच्या दाराने पळ, गाडी उभी आहे. पळून कुठे जाऊ? शिपाई माझ्या मागावर राहिले तर मकारिओचा डोंगर गाठतील. नाही जात.
कप्तान खालच्या कोठीत पाऊल टाकायला तयार नाही. उद्या माझ्यासाठी बादली वर, स्वैपाकघरातच आणणार.

२६ जानेवारी, सकाळ
जिन्यावर बूट वाजतायत. बादली हिंदकळतेय –
मेलेले सगळे आलेत. सुतार सगळ्यांच्या पुढे. पाठ माझ्याकडे, तोंड दाराकडे. म्हणजे मला ओळखतात! लिहीत राहते –
मकारिओ, मी सांगणार नाही. एक अक्षर नाही.
कडी वाजली. दुभाषा रडत रडत तोच प्रश्न –
कप्तान, बाकीच्यांना मला त्यांच्या घरून आणावं लागलं. मी मेले की मला आणायला कुणी नको. मी घरातच आहे, आणि आता इथून हलणार ना–