डावा हात आधी

॥ जय सेवालाल ॥
तांडा, आर्णीजवळ
१ डिसेंबर २०२४

चि. बबितास जीवनदादाचे अनेक आशीर्वाद.

दुसऱ्याच्या नावावर उड्या मारणाऱ्या तुम्हा सगळ्या डुप्लिकेटांना हे पत्र आहे. हाडं तुमची, टाळ्या नायिकेच्या, आणि तुम्ही त्यावर एक शब्द बोलत नाही! तुझी वर्षावहिनी वाचून हसते आहे. माइक नसला तरी यांची सभा चालूच, म्हणते. पण फोनवर तू 'मी ठीक आहे' याच्यापुढे जात नाहीस, म्हणून लिहायला बसलो.

तुझा सिनेमा यवतमाळला लागला. याडीला घेऊन गेलो. नायिका जळत्या पुलावरून खाली पडते तेव्हा सगळं थिएटर शिट्ट्या मारत होतं, आणि याडी, आपली आई, उभी राहून सुरात रडायला लागली. आपल्या बाया मयताला रडतात तशी, उंच आवाजात, तुझं नाव घेऊन. लोक हसले. बॅटरीवाला आला. मी समजावलं, की ती नायिका आहे, पुढे उठून गाणंसुद्धा म्हणते. याडी म्हणाली, "माही बबी हाय ते. डावा हात वर नाही आला तिचा."

माळ्यावरून कापसाच्या ढिगावर उड्या मारायचीस तेव्हा तिनेच शिकवलं होतं ना, डावा हात आधी डोक्यामागे, मान वाचली पाहिजे? मला तर तुझी पाठही ओळखू आली नाही. खरं काय ते कळव.

वर्षाचा आशीर्वाद. माया आहेच, ती पाठवायला पत्ता नीट लिहीत जा.

तुझा
जीवन


गोरेगाव, मुंबई
८ डिसेंबर २०२४

ती. जीवनदादास साष्टांग नमस्कार.

सभा पोचली. श्रोता एकच होता, खोलीत दुसरं कोणी नसतं.

याडीने बरोबर पाहिलं. उडीसाठी बांधलेल्या वायरने डावा हात मागे ओढला आणि मी सरळ खांद्यावर आले. टेक छान दिसला म्हणून तोच ठेवला. आधी कॅमेरा धड आहे का ते पाहिलं, मग मला उठवलं. मेकअपवाल्याने माझ्या दंडाचा काळानिळा डाग नीट न्याहाळला आणि तसाच नायिकेच्या दंडावर काढला. पुढच्या प्रसंगात नायक त्यावर फुंकर घालतो. तुम्ही पाहिलंच असेल.

तेव्हापासून हात कानाच्या वर जात नाही. विंचरता येईना म्हणून केस कापले, फोटो पाठवत नाही ते त्यासाठी. फाइट मास्टरला सांगितलेलं नाही. नाताळानंतर गच्चीवरून मोठी उडी आहे; मी नाही म्हटलं तर दुसरी मुलगी तयारच आहे, आणि मग मला कोणी बोलावणार नाही. मला दुसरं काय येतं, दादा?

इतकी वर्षं पडते आहे. माझ्या पडण्यावर कोणी रडलं, हे पहिल्यांदा ऐकलं. पत्र चार वेळा वाचलं. यातलं याडीला काही सांगू नकोस. वहिनीस नमस्कार. लहानीवरचा लोभ कमी करू नये.

तुझी
बबिता


तांडा
१४ डिसेंबर २०२४

चि. बबितास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र याडीला अक्षरन् अक्षर वाचून दाखवलं. हवं तर रागाव. लपवालपवीच्या विरोधात मी गावोगाव बोलतो आणि घरात लपवू?

मला वाटलं, ती पुन्हा सूर धरेल. नाही रडली. केसांचं ऐकून मात्र बराच वेळ स्वतःची वेणी चाचपत राहिली. सासरी गेलेली लेक भेटते तेव्हा आपल्या बाया गळ्यात गळा घालून रडतात, तसं रडणं तिने तुझ्यासाठी राखून ठेवलंय. वर्षाने विचारलं, आता मन मोकळं का करत नाही. म्हणाली, "एकटीनं कशी रडू वं? दुसरा गळा लागते."

दुसरं काय येतं, हे इथे बसून शोधू. मी भाषण देणार नाही. कापूस घरात आलाय, याडीने या वर्षी ढीग माळ्याखालीच घालायला लावला. त्या गच्चीवर तुझी मान वाचवायला डावा हात येणार नाही, आणि तिला तो गळा हवा आहे.

लोभ आहेच, आता माणूस हवं. शनिवारी, २१ तारखेला, यवतमाळच्या ट्रॅव्हल्समध्ये बस.

तुझा
जीवन