दोन बोटांची टाच

मी, खाली सही करणारा, वय एकाहत्तर, धंदा बूट-चपला बनवणे, हे पूर्ण शुद्धीवर लिहीत आहे. हात कापतो, डोके नाही. कोणाच्या दबावाखाली लिहीत नाही. दबावाखाली जगून झाले आहे.

१. माझी रापी, आरी आणि शिवणयंत्र कारागीरशाळेला द्यावे.

२. फळीवरचा पायांच्या लाकडी साच्यांचा जोड माझ्याबरोबर जाळावा. तो बालवाडीत शिकवणाऱ्या एका मुलीचा आहे. तिचा डावा पाय आखूड होता. मी जोड्यात आतून दोन बोटांची टाच बसवली. ती रस्त्याच्या टोकापर्यंत जाऊन आली आणि म्हणाली, "आता कोणी वळून बघत नाही." मी म्हणालो, "मी बघतोय." मी लग्नाचे विचारले. उत्तर द्यायला ती पुढच्या सोमवारी येणार होती.

३. आली, तेव्हा मी मागे चामडे भिजवत होतो. माझ्या थोरल्या भावाने तिला पायरीवरूनच सांगितले, "त्याचं दुसरीकडे ठरलंय." मला म्हणाला, "नको म्हणून गेली." खरे काय ते अकरा वर्षांनी वहिनीने मरताना सांगितले. दादाला विचारले, तर म्हणाला, "घरात लंगडी सून आणायची होती का?" तोवर तिचा संसार झाला होता. मी लग्न केले नाही. दादा वर, मी खाली, पाणी एकाच नळाचे.

तिचे जोडे न्यायला दरवर्षी तिचा नवरा येई. गेल्या वर्षी म्हणाला, "ती गेली. तुमच्याबद्दल नेहमी विचारायची, त्यांच्या घरी कोण कोण आहे?"

"मग काय सांगायचात?"

"असतील बायकामुलं, म्हणायचो. मी कशाला विचारतोय?"

इतकी वर्षे त्या माणसाच्या हाती जोडे दिले, एक निरोप दिला नाही. हा दोष दादाचा नाही. तेवढे खरे लिहितो.

४. दुकान माझ्या एकट्याच्या नावावर आहे. ते तिच्या मुलीला द्यावे. तिला झेरॉक्सच्या मशीनसाठी जागा हवी आहे. दादाला तिच्या दारावरूनच ये-जा करावी लागेल. तिने त्याला हटकू नये.

५. दादाला काही नाही. म्हणून तो साक्षीदार चालतो, असे वकील म्हणाले.

सही: मृत्युपत्र करणारा
साक्षीदार १: शेजारचा शिंपी
साक्षीदार २: थोरला भाऊ
स्थळ: दुकानाची पुढची खोली
दिनांक: १४ नोव्हेंबर, सकाळी

सह्यांनंतरची नोंद, माझ्या हातची: दादाच्या सहीआधी शिंप्याने सगळे मोठ्याने वाचून दाखवले. दादा म्हणाला, "हे लिहायलाच हवं होतं का?"

मी म्हणालो, "सही कर, दादा."

केली.