न बोललेलं दीड मिनिट

३ मार्च
एकतिसावा सिनेमा. सासूबाई अजून पाहुण्यांना सांगतात, "ती सिनेमात काहीतरी कापते." लोक शिंपीण समजत असतील! समजू देत.
दिग्दर्शक चार तास उरावर बसला होता. हीरो जिना चढतो — तब्बल तीन मिनिटं! "एकही सेकंद जाता कामा नये. प्रत्येक पायरीला अर्थ आहे!" म्हटलं, पायऱ्या बावीस, अर्थ एकच. त्याचं तोंड एरंडेल प्यायल्यासारखं झालं.

४ मार्च
जिना चाळीस सेकंदांवर आणला. त्याला पत्ताच नाही.

७ मार्च
आता म्हणतो, म्हातारीचा सीन काढा! म्हणजे हीरोच्या आईचा. ते काम करणाऱ्या बाईंनी चाळीस वर्षं आयांचीच कामं केलीत. मुलगा घर सोडून निघालाय, ही दारात. दीड मिनिट एक शब्द नाही. तोंड उघडते, मिटते. मग त्याच्या शर्टाचं बटण लावते. बस्स. अख्ख्या सिनेमात तेवढंच खरं आहे!
"फार संथ," म्हणे. जिना चालतो याला!
कडाक्याचं भांडण. "एडिटर बदलीन!" बदल बाबा.

८ मार्च
बदलला नाही. याला जिन्यावरून खाली उतरवणारं दुसरं कोण मिळणार?

१२ मार्च
बाई डबिंगला आल्या होत्या, माझ्याकडे डोकावल्या. सीन दाखवला. वाटलं, डोळे पुसतील. तर खो खो हसल्या!
"अगं, पानभर वाक्यं होती. एक आठवेल तर शपथ! समोर बटण दिसलं, लावलं झालं. काढून टाक गं, लाज वाटते."
म्हणजे मी पाठांतराच्या घोटाळ्यापायी हातचं काम घालवायला निघाले होते! घरी सांगितलं तर नवरा हसून हसून खुर्चीवरून पडायचाच बाकी होता.
तरी काढणार नाही. कसाही आला असो, आलाय ना!

२० मार्च
शेवटची प्रत सगळ्यांना दाखवली. सीन आत, मी खुर्चीच्या टोकावर. काम जाणार, नक्की. तेवढ्यात अंधारात निर्मात्यानं नाक शिंकरलं. रडत होता! दिग्दर्शक लगेच, "ही शांतता मी मुद्दाम ठेवली."
ठेवलीस हो राजा.

९ मे
पहिला खेळ. बाई माझ्या शेजारी, पलीकडे त्यांची मुलगी — आईचा हात घट्ट धरून. तो सीन आला. थिएटर चिडीचूप. बाई पडद्यावरच्या स्वतःकडे बोट दाखवत माझ्या कानाशी वाकल्या.
"कोण हो ही? छान काम करते."