बंद करू का गोळी?

प्रिय माय,

काल फोन चालू असतानाच तू बाबांच्या फोटोवर पुन्हा रागावलीस. “गोळ्या इसरले नसते तर आज असते,” म्हणालीस. मी नेहमीसारखा विषय बदलला.

इथं माझं संशोधन रक्तवाहिन्यांवरच चालू आहे. मेलेल्या माणसांच्या वाहिन्या मी उभ्या चिरून बघते. आत साचलेली चरबी पिवळी असते. ती दिसली की हिंगोलीला हळद विकून आलेल्या बाबांची बोटं आठवतात, आणि माझे हात थांबतात.

बाबा गेले त्या वर्षी त्यांचा कोलेस्टेरॉलचा रिपोर्ट चांगला आला होता. त्यांनी मला फोन केला. “पोरी, आता बंद करू का गोळी?” मी फार्मसीच्या दुसऱ्या वर्षाला होते, मोठ्या तोऱ्यात म्हणाले, “करा बंद. घरची हळद दुधातून घेत जा.” रिपोर्ट गोळीमुळेच चांगला आला होता, हे मला तिसऱ्या वर्षी कळलं. तोवर बाबा गेले होते.

आपल्या गोरेगावहून हिंगोलीच्या दवाखान्यात नेताना, जीपमध्ये, छातीत कळ असतानाही ते तुला म्हणाले, “गोळ्या मीच इसरून राहिलो होतो.” सुट्टीला आलेली मी समोरच बसले होते. बोलत होते तुझ्याशी, पण बघत होते माझ्याकडं.

बाबा काहीच विसरत नसत, माय.

हेही पत्र आधीच्या चार पत्रांसोबत कपाटात ठेवते. उद्या फोन करीन. तू त्यांच्यावर रागावशील, आणि ते फोटोतून माझ्याकडं बघत राहतील.

तुझी,
विशाखा